पडद्यावरील पहिली तारामती

नागपूर-वर्ध्याकडील खडी गंमत ज्यांनी पाहिली आहे, त्या वडनेरसारख्या गावच्या वृद्ध मंडळींस स्त्रीवेषधारी पुरुषाचे नवल वाटणार नाही. मराठी संगीत रंगभूमीवरही तीच चाल होती. १९१३ साली बालगंधर्वांच्या नावाने गंधर्व नाटक मंडळी निघाली. त्याच साली मुंबईत दुसरा एक स्त्रीवेषधारी नट पडद्यावर अवतरला. त्यांचे नाव अण्णा साळुंके.

दादासाहेब फाळके ‘राजा हरिश्चंद्र’ चित्रपटाच्या जुळणीस लागले, तेव्हा तारामतीच्या भूमिकेस स्त्री मिळेना. कुलीन घरच्या स्त्रियांची गोष्ट दूरच राहो, नाचगाण्यावर उदरनिर्वाह करणाऱ्या स्त्रियांनीही ते काम हलके मानून नाकारले. अखेर ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात स्वयंपाकाचे काम करणाऱ्या साळुंक्यांवर फाळक्यांची दृष्टी गेली. बांधा सडपातळ, हात नाजूक. तेथे दहा रुपये वेतन होते, फाळक्यांनी पंधरा देऊ केले, असे सांगतात. ३ मे १९१३ रोजी कॉरोनेशन सिनेमागृहात प्रेक्षकांनी जी तारामती पाहिली, ती कालपर्यंत चुलीपुढे उभी असलेली व्यक्ती होती.

या कामाची अवघड बाजू लक्षात घेण्यासारखी आहे. बालगंधर्वांच्या साहाय्यास त्यांचा दैवी कंठ होता, पदे होती, रसाळ संवाद होते. मूकपटाने नटाची वाणीच काढून घेतली. राजवैभवाचा त्याग, पुत्रशोक, स्मशानातील दीनता, हे सारे साळुंक्यांस केवळ नेत्रांनी व हातांनी बोलावे लागले. आणि तेही नाट्यशाळेचा कसलाही संस्कार नसताना.

त्याच वर्षी फाळक्यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’ चित्रपटात दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई या पडद्यावर आल्या. आता साळुंक्यांची गरज उरली नाही, असे कोणासही वाटावे. परंतु १९१७ सालच्या ‘लंकादहन’ चित्रपटात सीता तेच झाले आणि रामही तेच झाले! आपल्या चित्रपटांतील पहिली दुहेरी भूमिका म्हणून तिची नोंद आहे. कथेत राम वनात व सीता अशोकवनात, हा वियोग अशा योजनेस सोयीचा ठरला खरा. परंतु एकाच देहाने धीरोदात्त पती आणि विरहिणी पत्नी दोघांनाही न्याय देणे ही सोयीची गोष्ट नव्हे. पडद्यावर राम दिसताच प्रेक्षक पायांतील वहाणा काढीत, अशी आख्यायिका आहे.

पुढे साळुंके कॅमेऱ्याच्या पुढून मागे गेले आणि छायाचित्रणाचे काम करू लागले. जो स्वतः पाहिला जात होता, तो इतरांस पाहू लागला.

लोकांनी वंदन केले ते रामास व सीतेस. ते रूप धारण करणाऱ्या माणसाचे नाव फारसे कोणाच्या स्मरणात राहिले नाही. नटाने भूमिकेत विरून जावे हे त्याचे यश होय. परंतु त्याचे नाव जपून ठेवणे हे प्रेक्षकांचे कर्तव्य आहे. फाळक्यांच्या हरिश्चंद्रपटाचा उरलेला अंश पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने जतन केला आहे. तो पाहण्याचा योग आला, तर तारामतीच्या मुद्रेकडे पाहताना अण्णा साळुंके हे नाव एकवार अवश्य उच्चारावे.