निकाल आधी गावाला

जळकोटच्या आरोग्य कार्यकर्त्यांच्या संमेलनात अध्यक्षबाईंनी आभार दोन मिनिटांत उरकले. सोलापूर-हैदराबाद हमरस्त्याला मांडव घालणारं गाव, जेवणाचा भार उचलणारा बचत गट, व्यासपीठावरचे मान्यवर, सगळ्यांना एकच नमस्कार. पत्रिकेत विषय होता ‘आरोग्य संशोधनात लोकसहभाग : फायदे आणि अडचणी’. तुळजापूर तालुक्यात नर्स म्हणून उभी हयात घालवलेल्या बाईंनी फायद्यांना फार वेळ दिला नाही.

1970 साली जामखेडला काम सुरू करणाऱ्या आरोळे दांपत्याने गावातल्याच बायकांना आरोग्यसेविका केलं. अणदूरच्या हॅलो फाउंडेशनने ‘भारतवैद्य’ उभ्या केल्या. गडचिरोलीत बंग दांपत्याच्या ‘सर्च’ने 39 गावांत आरोग्यदूत नेमल्या, बाळंतिणीच्या घरी जाऊन बाळाचं वजन करणं, श्वास मोजणं, नोंद ठेवणं हे सगळं त्याच करत. नवजात मृत्यू निम्म्याहून अधिक घटल्याचा तो अभ्यास 1999 साली ‘लॅन्सेट’मध्ये आला. गावची बाई मोजमाप करू शकते का, हा वाद तिथेच मिटला. हे बाईंनी एका दमात सांगितलं. मग चष्मा काढला आणि आवाज चढवला.

‘नमुना नेणारे पुष्कळ पाहिले. निकाल घेऊन परत येणारे किती?’

उदाहरण त्यांनी घरचंच काढलं. बार्शीच्या नर्गिस दत्त कर्करुग्णालयाने 1987 पासून बार्शी, परंडा आणि भूम तालुक्यांतल्या कर्करोगाची नोंद ठेवली. ग्रामीण भारतात तेव्हा असं काही नव्हतं. ऑक्टोबर 1999 मध्ये, त्या वेळच्या उस्मानाबाद जिल्ह्यात, गर्भाशयमुखाच्या कर्करोगावरची मोठी चाचणी सुरू झाली. गावांचे 52 समूह, 30 ते 59 वयाच्या 1,31,746 स्त्रिया, चार गट. एका गटात एचपीव्ही विषाणूची तपासणी, दुसऱ्यात पेशींची, तिसऱ्यात आम्ल लावून नुसत्या डोळ्यांनी पाहणी. चौथ्या गटाला फक्त माहिती आणि तपासणी कुठे होते त्याचा पत्ता. 2009 साली अमेरिकेतल्या ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’ने निकाल छापला. एचपीव्ही गटात 34,126 स्त्रियांपैकी 34 या कर्करोगाने दगावल्या, चौथ्या गटात 31,488 पैकी 64.

जगभरच्या तज्ज्ञांनी या आकड्यांचा आधार घेतला. चौथ्या गटाला तपासणीविना ठेवणं योग्य होतं का, यावर वैद्यकीय नीतीच्या नियतकालिकांत कडाक्याचं भांडण झालं. बाईंना ते भांडण गैर वाटत नाही. ते इंग्रजीत झालं, चावडीवर झालं नाही, हे त्यांचं दुखणं. ‘ज्यांच्या अंगावरून हा आकडा निघाला, त्यांना तो सांगायला मराठीत एक पान पुरलं असतं.’

सकाळच्या सत्रात गावाची संमती म्हणजे नेमकी कुणाची, यावर तासभर खल झाला होता. बाईंनी तो एका शिबिराच्या गोष्टीने निकालात काढला. सरपंचांनी होकार दिला, दवंडी पिटली, शाळेच्या खोलीत टेबल मांडलं, साडीचा पडदा लावला. दुपारपर्यंत एकही बाई फिरकली नाही. शेवटी एका म्हाताऱ्या दाईने बाईंना कोपऱ्यात घेतलं. ‘सिस्टर, खिडकी पाराकडं हाय. आन् पारावर आमचे सासरे-भाया बसल्यात.’ टेबल अंगणवाडीच्या मागच्या खोलीत गेलं. शिवाय सोयाबीनची खुरपणी चालू होती, म्हणून वेळ दिवेलागणीची ठरली. मग ओटा भरून बायका आल्या.

अडचणींबद्दल त्या फार गोडगोड बोलल्या नाहीत. आशाताई भावकीतली असेल तर तिच्यासमोर अंगावरून पांढरं जातं हे कुणी सांगत नाही. बिनपैशाच्या सहभागाचं ओझं बहुधा रोजगार बुडवून येणाऱ्या बाईवरच पडतं. आणि लोकांशी बोलायला महिने जातात, निधीची मुदत मात्र तेवढी थांबत नाही. (इथे मागच्या रांगेतल्या संशोधकांनी जोरात टाळ्या वाजवल्या.)

भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या 2017 च्या मार्गदर्शक तत्त्वांत लोकसहभागाला जागा आहे, हे बाईंना ठाऊक आहे. कागदावरची जागा त्यांना पुरत नाही. नियतकालिकाकडे लेख धाडण्याआधी निकाल ग्रामसभेत वाचावा, ही त्यांची मागणी. एका संशोधकाने हात वर करून विचारलं, निकाल आधी फुटला तर नियतकालिक लेख नाकारेल, त्याचं काय? ‘नाकारू द्या,’ बाई म्हणाल्या, आणि मांडवात कुजबुज सुरू झाली.

वाचायचं कुणी, खर्च कुणाचा, हे त्यांनी एका समितीवर सोपवलं. समितीत कोण, ते जेवणानंतर ठरवू म्हणाल्या. ठरावाचा मसुदा पिशवीत होता; तो काढेपर्यंत सूत्रसंचालकांनी पुढच्या वक्त्याचं नाव पुकारलं होतं.