निशिगंधाच्या कंदांसाठी खुरपे कोणते?
(शेतकरी मेळाव्यातील भाषण)



कल्याण आणि दादरचा फुलबाजार जवळ, तेव्हा निशिगंध लावावा असे आपल्यापैकी अनेकांच्या मनात आहे. लागवड एप्रिल-मे महिन्यांत करतात. आज मी फक्त हत्यारांविषयी बोलणार आहे.

घाईच्या वेळी पहारीने भोक पाडून त्यात कंद टाकला जातो. पण हे भोक तळाशी निमुळते असते. कंद मध्येच अडकतो, खाली पोकळी राहते. आपल्या ठाणे जिल्ह्यातील पावसात तेथे पाणी साचून कंद कुजतो आणि बेण्याचा पैसा मातीत जातो.

त्यापेक्षा अरुंद पात्याचे खुरपे घ्यावे. पाते मुठीत घट्ट बसलेले हवे. हलणाऱ्या खुरप्याने दुपारपर्यंत तळहाताला फोड येतात! टोकापासून ६ सें.मी.वर कानशीने खूण करावी, म्हणजे खोली मोजावी लागत नाही. कंदाचा कोंब वर ठेवून माती हाताने दाबावी.

वरकस जमीन कडक असते. ती आधी कुदळीने खणून, ढेकळे फोडून गादीवाफे करावेत. ते काम खुरप्याचे नव्हे.

कंद काढताना मात्र कुदळ ओळीपासून वीतभर दूर मारावी. कापलेला कंद बेण्याला चालत नाही.