खोट्या माणसाचं खरं दुःख

सिनेमा खरा की खोटा, असा वाद निघाला की मला एक इराणी चित्रपट आठवतो. अब्बास किआरोस्तामी यांचा १९९० सालचा ‘क्लोज-अप’. पहिल्यांदा पाहिला तेव्हा बराच वेळ मी त्याला माहितीपटच समजत होतो.

गोष्ट खरोखर घडलेली. तेहरानच्या एका बसमध्ये हुसेन सब्जियान नावाचा गरीब माणूस ‘द सायक्लिस्ट’ या चित्रपटाची पटकथा वाचत होता. शेजारच्या बाईंनी चौकशी केली आणि तो बोलून गेला, ‘हे माझंच पुस्तक.’ म्हणजे, मीच दिग्दर्शक मोहसेन मखमलबाफ! पुढे तो त्यांच्या घरी जाऊ लागला. तुमच्याच घरात शूटिंग करू, मुलांना भूमिका देऊ, असं सांगू लागला. थोडे पैसेही घेतले. अखेर बिंग फुटलं, अटक झाली.

हसू नका. तरुणपणी पॅसेंजर गाडीत ‘मी नाटककार’ अशी थाप मारून मीही सांगलीपर्यंत मान भोगला आहे. म्हणून न्यायालयात सब्जियान त्या घरात मिळालेल्या मानाबद्दल बोलतो, तेव्हा माझी मान खाली जाते.

किआरोस्तामींनी ही बातमी वाचली, हातातलं काम बाजूला ठेवलं आणि परवानगी काढून सुनावणी चित्रित केली. एवढ्यावर थांबले असते तर तो साधा माहितीपट झाला असता. पण घडून गेलेले प्रसंग त्यांनी त्याच माणसांकडून पुन्हा करून घेतले. फसवणारा तोच, फसलेलं कुटुंबही तेच, दिवाणखानाही तोच. गंमत पाहा, सब्जियानचं खोटं आश्वासन त्यामुळे खरं ठरलं! त्या घरात शूटिंग झालं, मुलं पडद्यावर आली. कुटुंबानं त्याला माफही केलं.

शेवटी तुरुंगाबाहेर खरे मखमलबाफ त्याला भेटतात. तो रडू लागतो. दोघं मोटारसायकलवरून निघतात आणि नेमका आवाज तुटू लागतो. माइक बिघडलाय, असं आपल्या कानावर येतं. प्रत्यक्षात माइक ठीक होता. आवाज किआरोस्तामींनी मुद्दाम तोडला होता!

हे कळल्यावर मला रागच आला. मलाही फसवलंच की! पण विचार करता वाटलं, त्या दोघांचं बोलणं ऐकायचा मला काय अधिकार होता? ज्याचं सगळं आयुष्य कॅमेऱ्यासमोर उघडं पडलं, त्याला या खोट्यानं थोडा आडोसा दिला.

किआरोस्तामी २०१६ साली गेले. आज कुणाचं रडणं पडद्यावर जवळून दाखवलं जातं, तेव्हा मी स्वतःलाच विचारतो, हे मी पाहावं का? प्रत्येक वेळी उत्तर सापडतंच असं नाही. पण विचारायची सवय मात्र त्या तुटलेल्या आवाजानं लावली.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)