इडिचक्का तोरन: चिरून थांबू नका, कुटा!

आज आपण केरळच्या स्वयंपाकघरात जाणार आहोत. तिथल्या इडिचक्का तोरनबद्दल बोलू या. दाराला बांधतो ते तोरण नव्हे हं! मल्याळममध्ये 'तोरन' म्हणजे ओलं खोबरं घातलेली कोरडी भाजी. 'चक्का' म्हणजे फणस आणि 'इडि' म्हणजे कुटणं. निम्मी कृती नावातच सांगून ठेवली आहे.

आपल्या कोकणातली कुयरीची भाजी हिची बहीणच म्हणा. कोकणात शेंगदाणे किंवा काळे वाटाणे, लाल मिरची आणि किंचित गूळ. केरळात हिरवी मिरची, जिरं आणि खोबरेल तेल. पण दोन्हीकडे शिजलेला फणस ठेचतात. का बरं?

कोवळ्या फणसाला स्वतःची चव बेताचीच. त्याच्याकडे असतात ते धागे. नुसत्या फोडी ठेवल्या तर मसाला बाहेरच राहतो आणि आतला घास फिका लागतो. उत्तरेत फोडी तळून दाट रश्श्यात शिजवतात, तिथे ते चालून जातं. इथे रस्साच नाही. ठेचल्यावर धागे सुटतात आणि खोबरं, मिरची, तेल त्यांच्यात शिरतं. म्हणून मिक्सर फिरवू नका. त्यात धागे तुटतात आणि लगदा होतो.

आता फणस निवडू या. आठळ्या अजून धरलेल्या नसाव्यात, निदान सुरी सहज आरपार जावी इतक्या मऊ असाव्यात. या वयात फणस बरका आहे की कापा, याची काळजी नको.

चिकाला मात्र सगळे घाबरतात. हा चीक पाण्याने निघत नाही, तेलाने निघतो. हातांना, सुरीला आणि विळीला आधीच खोबरेल तेल लावा, खाली जुना कागद पसरा. काटेरी साल जाडसर काढा. मधला दांडा कडक असेल तर तोही काढा. फोडी लगेच पाण्यात टाका, म्हणजे काळ्या पडणार नाहीत.

सोललेला अर्धा किलो फणस घ्या. हळद, मीठ आणि थोडं पाणी घालून कुकरमध्ये एक शिट्टी पुरे. बोटांनी दाबल्यावर फोड सुटली पाहिजे, पण विरघळता कामा नये. पाणी पूर्ण निथळू द्या आणि खलबत्त्यात हलक्या हाताने ठेचा. खलबत्ता नसेल तर पोळपाटावर वाटीच्या बुडाने दाबा.

एक वाटी ओलं खोबरं, तीन-चार हिरव्या मिरच्या, अर्धा चमचा जिरं आणि दोन लसूण पाकळ्या पाण्याशिवाय भरड वाटा. दोन मोठे चमचे खोबरेल तेलात मोहरी तडतडू द्या. मग एक चमचा उडीद डाळ, दोन सुक्या मिरच्या आणि भरपूर कढीपत्ता. काही घरांत फोडणीत चमचाभर कच्चे तांदूळही घालतात, ते फुलून कुरकुरीत लागतात. आता फणस आणि वाटण घाला, मंद आचेवर झाकून पाच मिनिटं ठेवा. शेवटी झाकण काढून परता. भाजी मोकळी दिसली पाहिजे.

केरळने २०१८ मध्ये फणसाला राज्यफळाचा मान दिला. पण मान मिळणं वेगळं आणि ताटात येणं वेगळं. केरळ असो की कोकण, उन्हाळ्याअखेर झाडावरचे फणस एकदम पिकतात. घरातली माणसं खाऊन खाऊन किती खाणार, शेजारी किती वाटणार? उरलेले झाडाखाली कुजतात. घोसातले एक-दोन कोवळेच काढले, तर भाजीही होते आणि मागे राहिलेल्यांना वाढायला वाव मिळतो. झाडाचं ओझं दोन-तीन महिने आधीच हलकं होतं.

गावी झाड असेल, तर यंदा फोन करून सांगा, 'पिकायची वाट पाहू नका, दोन कोवळे काढा.' दिल्ली, लखनौ, इंदूरकडे राहत असाल, तर मंडईत 'कटहल' मागा. भाजीवाला बहुतेकदा सोलूनच देतो. मग चिकाचंही निमित्त उरत नाही. गरम भात, वरण आणि बाजूला हे तोरन. करून बघा!