मुलांचा मेवा

करवीर नगरीस कलापूर म्हणण्याचा प्रघात आहे. परंतु या नगरीनें मुलांकरितां काय केलें, हा प्रश्न क्वचितच विचारला जातो. १९२९ सालीं कोल्हापुरांत प्रभात फिल्म कंपनीची स्थापना झाली आणि दुसऱ्याच वर्षीं, मूकपटांच्या काळांत, तिनें 'राणीसाहेबा' ऊर्फ 'बजरबट्टू' हा मुलांसाठीं रचलेला चित्रपट काढला. भारतांतील आरंभींच्या बालचित्रपटांत त्याची गणना होते. १९३३ सालीं प्रभातनें आपलें बिऱ्हाड पुण्यास हलविलें. तेथें १९३७ सालीं निघालेल्या 'कुंकू' या चित्रपटांत शकुंतलाबाई परांजपे यांनीं भूमिका केली. सई परांजपे या त्यांच्याच कन्या. कोल्हापुरांत आरंभिलेलें हें काम पुढें आकाशवाणी, रंगभूमि, दूरचित्रवाणी आणि चित्रपट अशा चारी वाटांनीं ज्यांनीं चालविलें, त्यांत सईबाईंचें नांव अग्रभागीं घ्यावें लागेल.

सईबाईंचा जन्म १९ मार्च १९३८ चा. आजोबा रँग्लर र. पु. परांजपे, आई स्वतः लेखिका. अशा घरांत पुस्तकांचा सहवास लाभला यांत नवल नाहीं. नवल हें कीं, वयाच्या आठव्या वर्षीं त्यांचें 'मुलांचा मेवा' हें परीकथांचें पुस्तक छापून निघालें. मुलांचा लेखक बहुधा प्रौढ असतो आणि विसरत चाललेल्या बालपणाच्या आधारानें लिहितो. येथें लेखिका आणि वाचक एकाच वयाचीं होतीं.

पुढें त्या पुणें आकाशवाणीवर निवेदिका झाल्या आणि मुलांचे कार्यक्रम करूं लागल्या. हें काम वरवर सोपें दिसतें. कंटाळलेला प्रौढ श्रोता शिष्टाचार म्हणून बसून राहील. कंटाळलेलें मूल सरळ अंगणांत निघून जातें. त्यामुळें वाक्य आटोपशीर हवें, संवाद खेळकर हवा आणि उपदेश असलाच तर तो गोष्टीच्या पोटांत हवा. 'शेपटीचा शाप', 'जादूचा शंख' यांसारखीं बालनाट्यें त्यांनीं लिहिलीं. १९६३ सालीं राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचें शिक्षण पुरें करून त्यांनीं दिल्ली दूरदर्शनवर अनेक वर्षें निर्मितीचें व दिग्दर्शनाचें काम केलें. त्यानंतर मुलांसाठीं 'जादू का शंख' (१९७४) आणि 'सिकंदर' (१९७६) हे चित्रपट आले. १९५५ सालीं स्थापन झालेल्या बालचित्रपट संस्थेचें अध्यक्षपद त्यांनीं दोन वेळां भूषविलें.

मग 'स्पर्श', 'चश्मेबद्दूर' (१९८१) आणि 'कथा' (१९८३) या चित्रपटांनीं त्यांची कीर्ति देशभर झाली. 'स्पर्श'च्या पटकथेस राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. अंधशाळेंतील मुलें त्या चित्रपटांत दयेचे विषय म्हणून येत नाहींत. तीं हंसतात, भांडतात, खोड्या करतात. मुलांकडे बरोबरीच्या नात्यानें पाहण्याची जुनी संवय येथें कामास आली.

कीर्ति मिळाल्यावर मुलांचें अंगण सोडून जाणारे लेखक पुष्कळ. सईबाई मात्र परतल्या. २००० सालीं 'भागो भूत' आणि २००५ सालीं स्वच्छतेच्या व पर्यावरणाच्या विषयावरील 'चकाचक' असे दोन बालचित्रपट त्यांनीं केले. २००६ सालीं त्यांस पद्मभूषण हा सन्मान मिळाला. मुलांसाठीं लिहिणें ही थोरांच्या वाङ्मयाकडे नेणारी पायरी नव्हे, तें स्वतंत्र आणि कष्टाचें काम आहे, हें त्यांच्या कारकिर्दीवरून स्पष्ट होतें.

बालचित्रपट संस्थेचे चित्रपट तयार होत, परंतु चित्रगृहांपर्यंत फारसे पोंचत नसत, ही तिची जुनीच अडचण होती. २०२२ सालीं ती संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळांत विलीन झाली आणि मुलांच्या चित्रपटांचें स्वतंत्र घर उरलें नाहीं. घराघरांतील पडदे मात्र वाढले. त्या पडद्यांवर मराठी मूल रोज कांहीं ना कांहीं पाहतें. त्यांत मराठींतच कल्पिलेलें, त्याच्यासाठींच लिहिलेलें किती असतें? संस्था नाहींशी झाली तरी मुलाची भूक नाहींशी होत नाहीं. चांगलें बालनाट्य गांवांत आलें असतां तिकिटें काढणें, वाढदिवसास मराठी पुस्तक देणें आणि चित्रपट मुलांशेजारीं बसून पाहणें, एवढें तरी सुशिक्षित कुटुंबांच्या हातीं आहे. मागणारें घर असलें म्हणजे लिहिणारा हात पुढें येतो.