‘डीकार्बॉक्सिलेशन’ : एका शब्दाचा अर्थ आणि रुग्णसेवेतील त्याचे स्थान

(रुग्णालयाच्या वार्षिक सभेनिमित्त झालेल्या आरोग्य-प्रबोधनपर व्याख्यानाचा मजकूर)



आजच्या विषयाचे नाव जिभेला जड आहे. रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेतला हा शब्द रुग्णालयाच्या वार्षिक सभेत कशासाठी, असा प्रश्न आपल्यापैकी काहींच्या मनात आला असेल. त्याचे उत्तर आरंभीच देतो. महाशिवरात्र आणि धुळवडीच्या सुमारास भांगेच्या अतिसेवनाने अस्वस्थ झालेला रुग्ण. ‘विजया’ किंवा ‘हेम्प’ असे लिहिलेली तेलाची बाटली पुढे करून ‘हे आजीच्या गुडघ्यांना चालेल का?’ असे विचारणारा नातू. आणि नोकरीपूर्व तपासणीत लघवीचा अहवाल ‘टीएचसी पॉझिटिव्ह’ आल्यामुळे धास्तावलेला तरुण, या तिघांचे प्रश्न वरवर वेगळे वाटतात. तिघांच्याही मुळाशी एकाच वनस्पतीचे रसायन आहे आणि तिघांनाही योग्य उत्तर द्यावयाचे तर हा एक शब्द नीट समजून घ्यावा लागतो.

प्रथम नावांचा विचार करू. पावसाळ्यात आपल्याकडे अंबाडीची भाजी आवडीने खाल्ली जाते. या अंबाडीचे शास्त्रीय नाव ‘हिबिस्कस कॅनाबिनस’ असे आहे. तिची पाने भांगेच्या पानांसारखी दिसतात म्हणून हे नाव पडले. अंबाडीत मादक द्रव्य मुळीच नाही. हिरवळीच्या खतासाठी पेरला जाणारा ताग इंग्रजीत ‘सन हेम्प’ म्हणून ओळखला जातो. त्याचेही भांगेशी नाते नाही. तात्पर्य, नावावरून द्रव्य ओळखता येत नाही. त्यासाठी रेणूकडेच पाहावे लागते.

भांग, गांजा आणि चरस ही आपली नावे झाडाच्या भागांवरून पडलेली आहेत. पाने ती भांग, मादी झाडाचे फुलोऱ्याचे शेंडे तो गांजा आणि राळ तो चरस. इंग्रज सरकारने नेमलेल्या ‘इंडियन हेम्प ड्रग्ज कमिशन’ने १८९३-९४ मध्ये मुंबई इलाख्यासह देशभर साक्षी नोंदविल्या, तेव्हाही चौकशीची मांडणी याच तीन नावांच्या आधारे झाली होती. त्यापूर्वी १८३९ मध्ये डॉ. ओशॉनेसी यांनी कलकत्त्यात या वनस्पतीच्या औषधी उपयोगाविषयी आपला निबंध सादर केला होता. तथापि नशा नेमकी कोणत्या द्रव्यामुळे येते, हे त्या काळी कोणासही ठाऊक नव्हते. रफाएल मेशुलाम आणि येहिएल गाओनी या इस्रायली शास्त्रज्ञांनी १९६४ मध्ये टेट्राहायड्रोकॅनाबिनॉल, म्हणजेच टीएचसी, हे द्रव्य शुद्ध स्वरूपात वेगळे करून त्याची रचना निश्चित केली. तेव्हापासून या वनस्पतीविषयीची चर्चा झाडाच्या भागांवरून रेणूंकडे वळली.

आता मूळ शब्दाकडे येऊ. ताज्या, हिरव्या झाडात टीएचसी फारच थोडे असते. झाड जे तयार करते ते त्याचे आम्लरूप. त्यास ‘टीएचसीए’ असे संक्षिप्त नाव आहे. या आम्लाच्या रेणूला एक कार्बन, दोन ऑक्सिजन आणि एक हायड्रोजन अशा अणूंचा एक गट जोडलेला असतो. त्यास कार्बॉक्सिल गट म्हणतात. लिंबातील आणि व्हिनेगरमधील आम्लांतही हाच गट असतो. उष्णता मिळाली की टीएचसीएमधील हा गट तुटतो, त्यातून कार्बन डायऑक्साइड वायू निघून जातो आणि मागे टीएचसी उरते. या क्रियेलाच डीकार्बॉक्सिलेशन म्हणतात. ‘डी’ म्हणजे काढून टाकणे. कार्बॉक्सिल गट काढून टाकणे हा त्याचा सरळ अर्थ. आम्लरूपाने नशा चढत नाही. गट निघून गेल्यावर उरलेल्या टीएचसीने ती चढते. रेणूतील एवढ्याशा बदलाने एवढा फरक पडतो.

हा बदल किती वेगाने घडतो, ते उष्णतेवर अवलंबून असते. चिलमीच्या वा विडीच्या निखाऱ्यात तो क्षणात होतो. साधारण ११० ते १२० अंश सेल्सिअस तापमानात त्यास काही मिनिटांपासून तासाभरापर्यंत वेळ लागतो. वाळविताना आणि साठविताना तो मंदपणे, अंशतः होत राहतो. पाणी वा दूध उकळताना तापमान १०० अंशांच्या आसपासच राहते, म्हणून तेथे तो सावकाश होतो. तुपात परतताना तापमान त्याहून वर जाते, म्हणून तेथे तो लवकर होतो. आयुर्वेदात भांगेचे शोधन करताना ती धुणे, दुधात स्वेदन करणे, तुपात मंद आचेवर परतणे अशा कृती सांगितल्या जातात. या कृतींचा हेतू आयुर्वेदाच्या स्वतःच्या परिभाषेत समजून घ्यावयास हवा. परंतु रसायनाच्या दृष्टीने त्यांतील प्रत्येक आच आम्लरूप आणि टीएचसी यांचे प्रमाण बदलत असते, हेही खरे.

या शब्दाच्या वापरात होणारी एक गल्लत येथे सांगावयास हवी. डीकार्बॉक्सिलेशन म्हणजे अर्क काढणे नव्हे. कॅनाबिनॉइड वर्गातील द्रव्ये पाण्यात जवळजवळ विरघळत नाहीत, स्निग्ध पदार्थात विरघळतात. म्हणून दूध, लोणी, तूप यांत ती उतरतात. ही विरघळण्याची क्रिया वेगळी आणि उष्णतेने रेणू बदलण्याची क्रिया वेगळी. डीकार्बॉक्सिलेशन म्हणजे शुद्धीकरणही नव्हे. तसेच हा शब्द केवळ टीएचसीपुरता नाही. सीबीडी हे द्रव्यही झाडात आम्लरूपातच असते आणि त्याच क्रियेने मोकळे होते; मात्र सीबीडीने नशा येत नाही. म्हणून ‘डीकार्बॉक्सिलेशन केलेले’ म्हणजे ‘नशा आणणारे’ असा अर्थ लावणेही चुकीचे ठरते. कोणत्या आम्लाचे, हे विचारल्यावाचून शब्द अपुरा राहतो.

आता हा अर्थ आपल्या तीन रुग्णांना लावून पाहू.

पहिला, भांग प्यालेला. एकाच घरी, एकाच पानांपासून केलेली दोन वर्षांची थंडाई सारखी नसते. किती तापविली, किती वेळ, कशात, यावर ती किती चढेल ते ठरते. ‘गेल्या वर्षी दोन पेले घेतले होते, काही झाले नाही’ हा हिशेब म्हणूनच फसतो. दुसरे असे की ओढलेल्या धुराचा परिणाम काही मिनिटांत जाणवतो, तर पोटात गेलेल्या भांगेचा अर्ध्या तासापासून दोन तासांनंतर. यकृतात टीएचसीचे रूपांतर ‘११-हायड्रॉक्सी-टीएचसी’ या तितक्याच वा अधिक प्रभावी द्रव्यात होते आणि परिणाम सहा ते आठ तास, कधी त्याहून अधिक काळ टिकतो. पहिल्या पेल्याने काही होईना म्हणून घेतलेला दुसरा पेलाच पुष्कळदा रुग्णालयाची वाट दाखवितो. यावर उतारा म्हणून कोणतेही खास औषध नाही. लिंबू, चिंच, ताक पाजून वा बळेच उलटी करवून वेळ घालवू नये. गुंगीतील माणसाच्या श्वासनलिकेत ते जाण्याचा धोका असतो. रुग्णास कुशीवर निजवावे, एकटे सोडू नये. मूल असेल, श्वास मंद असेल, रुग्ण हाकेला ओ देत नसेल, छातीत दुखत असेल वा झटका आला असेल तर १०८ क्रमांकावर तत्काळ कळवावे. लहान मुलांत थोड्या मात्रेनेही गाढ गुंगी येऊ शकते. धोत्र्याच्या बियांची भेसळ असण्याची शक्यताही आमच्या सहकाऱ्यांनी ध्यानी ठेवावी. तोरण्याच्या पायथ्याच्या वाडीवरून वा वरंध घाटाकडील गावातून पुण्याच्या मोठ्या रुग्णालयापर्यंतचे अंतर लक्षात घेता, पहिल्या तासात घरच्यांनी काय करावे आणि काय करू नये, हे माहीत असणे हाच मोठा उपचार आहे.

दुसरी, आजींची बाटली. बाजारात तीन प्रकारची तेले एकाच हिरव्या पानाचे चित्र लावून येतात. एक बियांचे तेल. ते अन्न होय. भारतीय अन्न सुरक्षा व मानके प्राधिकरणाने २०२१ मध्ये या वनस्पतीच्या बिया, बियांचे तेल आणि पीठ यांना ठराविक मर्यादेत मान्यता दिली. त्यात कॅनाबिनॉइड जवळजवळ नसतात. वेदनाशामक म्हणून त्याची किंमत मोजणे व्यर्थ आहे. दुसरे, पानांचा अर्क असलेले आयुर्वेदिक औषध. भांगेचा समावेश औषधे व सौंदर्यप्रसाधने नियम, १९४५ यांच्या ‘ई-१’ अनुसूचीत आहे. पोटात घेण्याच्या अशा औषधाच्या वेष्टनावर वैद्यकीय देखरेखीखाली घेण्याची सूचना असणे बंधनकारक आहे. तिसरे, सीबीडीचे म्हणून विकले जाणारे तेल. वेष्टनावर ‘एकूण टीएचसी’ असा उल्लेख असेल तर त्याचा अर्थ असा : असलेले टीएचसी, अधिक टीएचसीएच्या ०.८७७ पट. हा आकडा कोठून आला? टीएचसीएचा रेणुभार सुमारे ३५८.५ आणि टीएचसीचा सुमारे ३१४.५; कार्बन डायऑक्साइडचे ४४ वजा झाले. म्हणजे १०० मिलिग्रॅम आम्लापासून जास्तीत जास्त ८७.७ मिलिग्रॅम टीएचसी मिळू शकते. केवळ ‘टीएचसी’ कमी दाखवून आम्लरूपाबद्दल मौन पाळणारे वेष्टन अर्धेच सत्य सांगते; ते तेल तापविले की उरलेले सत्य प्रकट होते.

सीबीडीविषयी एक सूचना कळकळीने करावीशी वाटते. शुद्ध सीबीडीपासून बनविलेल्या एका औषधास अमेरिकेत जून २०१८ मध्ये अपस्माराच्या दोन दुर्मिळ, कठीण प्रकारांसाठी मान्यता मिळाली. ती वार्ता ऐकून मुलाच्या फिट्सच्या गोळ्या बंद करून तेल सुरू करणे अत्यंत धोक्याचे आहे. त्या औषधाची मात्रा मोजून, नेहमीच्या गोळ्यांच्या जोडीने आणि यकृताच्या तपासण्या करीत देतात. व्हॅल्प्रोएट, क्लोबाझाम आणि रक्त पातळ करणारे वॉरफॅरिन यांच्याशी सीबीडीची आंतरक्रिया होते. बाटली घरात असेल तर ती डॉक्टरांपासून लपवू नका, सोबत घेऊन या.

तिसरा, नोकरीच्या उंबरठ्यावरचा तरुण. येथे ‘कार्बॉक्सी’ हा शब्द दुसऱ्यांदा भेटतो आणि येथेच सर्वांत मोठा गैरसमज होतो. शरीर टीएचसीचे अखेर ‘कार्बॉक्सी-टीएचसी’ या निष्क्रिय द्रव्यात रूपांतर करते आणि लघवीच्या तपासणीत मुख्यतः हेच शोधले जाते. झाडातील आम्लाचा कार्बॉक्सिल गट रेणूच्या एका जागी असतो; शरीराने तयार केलेला गट वेगळ्याच जागी असतो. आचेने जो निघून गेला तो परत आलेला नसतो. नावे सारखी वाटली तरी ही दोन निरनिराळी द्रव्ये आहेत. दुसऱ्या द्रव्यास स्वतःचा मादक परिणाम नाही. कधीमधी घेणाऱ्याच्या लघवीत ते काही दिवस, नित्य घेणाऱ्याच्या लघवीत कित्येक आठवडे सापडू शकते, कारण टीएचसी शरीरातील चरबीत साठून हळूहळू बाहेर पडते. म्हणून पॉझिटिव्ह अहवाल ‘सेवन झाले असावे’ एवढे सुचवितो. ‘हा मनुष्य या क्षणी नशेत आहे’ असे सांगत नाही आणि ‘हा व्यसनी आहे’ असे तर मुळीच सांगत नाही. शिवाय पट्टीवरची प्राथमिक तपासणी काही औषधांमुळेही चुकीने पॉझिटिव्ह येऊ शकते. आम्लपित्तासाठी सर्रास घेतली जाणारी पॅन्टोप्रॅझोलची गोळी त्यांपैकी एक. तेव्हा निर्णय घेण्यापूर्वी मास स्पेक्ट्रोमेट्रीसारख्या नेमक्या पद्धतीने खातरजमा व्हावयास हवी आणि अहवालाच्या अर्जावर चालू औषधांची नोंद असावयास हवी. एका शब्दाच्या चुकीच्या वाचनाने कोणाची भाकरी जाऊ नये.

येथे कायद्याचा उल्लेख करणे क्रमप्राप्त आहे. १९८५ चा अमली औषधिद्रव्ये व मनःप्रभावी पदार्थ कायदा गांजाची व्याख्या रसायनावरून न करता झाडाच्या भागावरून करतो : फुले वा फळे आलेले शेंडे. शेंड्यांसोबत नसलेली पाने आणि बिया त्या व्याख्येबाहेर आहेत. परंतु म्हणून भांग मोकळी आहे असे कोणी समजू नये. महाराष्ट्रात तिचे नियमन १९४९ च्या दारूबंदी कायद्यान्वये होते. अशा रीतीने कायदा झाडाचा भाग पाहतो, रसायन रेणू पाहते आणि वैद्यक माणूस पाहते. या तीन दृष्टींची सरमिसळ झाली की रुग्ण आधी घाबरतो आणि मग लपवितो. रुग्णालयात काय घेतले हे विचारले जाते ते उपचारासाठी. खरे सांगणाऱ्यास दूषण न देणे ही आमची जबाबदारी आहे. व्यसन जडलेल्या व्यक्तीने स्वेच्छेने उपचार घेतल्यास, काही अटींवर, खटल्यापासून संरक्षण देण्याची तरतूद त्याच १९८५ च्या कायद्याच्या कलम ६४-अ मध्ये आहे, हेही आशा कार्यकर्त्यांनी घरोघरी सांगावे.

अखेरीस तीन विनंत्या. आशा भगिनींनी सणांपूर्वीच्या गृहभेटींत ‘दुसरा पेला नको, मुलांच्या हाती लागू देऊ नका’ एवढे सांगावे. औषधविक्रेत्यांनी हिरव्या पानाची बाटली देताना ती तिन्हींपैकी कोणती, हे ग्राहकास स्पष्ट करावे. आणि आमच्या प्रयोगशाळेतील सहकाऱ्यांनी अहवालावर ‘प्राथमिक तपासणी, खातरजमा आवश्यक’ हे शब्द लिहिण्यास विसरू नये. जड वाटणारा शब्द उलगडून सांगितला की त्याची भीती जाते आणि त्याच्या आडून होणारी फसवणूकही थांबते. हे उलगडून सांगणे औषध देण्याइतकेच आमच्या सेवेचा भाग आहे, असे आम्ही मानतो.