थेंबाचाही सूर होतो

श्रोतेहो, बोलपट म्हटला की पात्रांनी बोलायलाच हवं, असं आपण धरून चालतो. पण आर्मेनियात १९६९ साली एक चित्रपट निघाला, त्यात संभाषण जवळजवळ नाहीच. 'डाळिंबाचा रंग' हे त्याचं नाव. अठराव्या शतकातल्या सायात-नोवा या लोककवीचं जीवन त्यात दिग्दर्शक पाराजानोव यांनी चित्रांतून मांडलं.

पात्र बोलत नाही, मग त्याचं मन ऐकवायचं कसं? हे काम तिशीच्या उंबरठ्यावरच्या तिग्रान मन्सुरियान या संगीतकाराकडे आलं. मठाच्या छपरावर वाळत घातलेल्या पोथ्यांची पानं वाऱ्यानं फडफडतात. रंगवलेल्या लोकरीतून थेंब परातीत टपटपतात. हे आवाज, प्रार्थनेचे सूर आणि लोकवाद्यं यांचं एकच विणकाम झालं. आवाज कुठं संपतो नि गाणं कुठं सुरू होतं, ते कळत नाही.

पुढे, हे कवीचं खरं चरित्र नव्हे, म्हणून अधिकाऱ्यांनी चित्रपटावरून सायात-नोवाचं नावच काढायला लावलं. नाव गेलं, सूर मात्र कुणाला पुसता आला नाही.

शिक्षकबंधूंनो, पावसाळ्यात एकदा मुलांना डोळे मिटून पागोळ्या ऐकायला बसवा. संगीताचा पहिला धडा तोच.